उंबरा किती फुटांवर?

पावसाळ्याच्या तोंडावर कृष्णा-पंचगंगेच्या पुराबद्दल प्रश्न पाठवा, असं मागच्या अंकात म्हटलं होतं. पत्रं आली ती बहुतेक सांगली, कोल्हापूर आणि शिरोळ तालुक्यातून. निम्म्या लोकांना विचारायचं काहीच नव्हतं, भांडायचं होतं. त्यांनाही उत्तर देतो. पाटबंधारे खात्यात शाखा अभियंता म्हणून नोकरी झाली, कित्येक पावसाळे पूर नियंत्रण कक्षात टेलिफोनशेजारी गेले, त्यामुळं शिव्या ऐकायची सवय आहे.

२०१९ ला आमच्या घरात माळ्यापर्यंत पाणी होतं. सगळे म्हणतात, कोयना आधी सोडली नाही आणि मग एकदम सोडली, म्हणून सांगली बुडाली. धरणवाले हे कबूल का करत नाहीत?
– एक वाचक, शामरावनगर, सांगली

ताई, कोयनेतून पाणी सुटलं हे कुणीच नाकारत नाही. धरणाची साठवण १०५.२५ टीएमसी (एक टीएमसी म्हणजे अब्ज घनफूट). ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात ते भरत आलं आणि विसर्ग लाख क्युसेकच्या वर गेला. भरलेल्या धरणाला दुसरा इलाज नसतो. वरून येईल तेवढं खाली द्यावंच लागतं, नाहीतर धरणच धोक्यात. पानशेत ज्यांनी पाहिलंय त्यांना हे समजावून सांगावं लागत नाही.

आता ‘आधी सोडली नाही’ हा मुद्दा. जरा हिशेब करू. लाख क्युसेक म्हणजे सेकंदाला लाख घनफूट. दिवसाचे सेकंद ८६,४००. गुणाकार केला की दिवसाला ८.६४ टीएमसी पाणी होतं. समजा, कोयनेत २० टीएमसी जागा जास्तीची मोकळी ठेवली असती. लाख क्युसेकचा लोंढा सव्वादोन दिवसांपेक्षा थोडा अधिक काळ अडवता आला असता. पाऊस मात्र जुलैच्या अखेरीपासून ऑगस्टच्या दहा तारखेच्या आसपासपर्यंत हटला नाही. म्हणजे पूर टळला नसता. पण ते सव्वादोन दिवस नेमके पाणी टोकाला जाताना वापरले असते, तर टोक खाली आलं असतं, आणि तुमचं पाणी कदाचित माळ्याच्या खालीच थांबलं असतं. एवढा दोष मी धरणाच्या वेळापत्रकाला देतो. त्याहून जास्त नाही.

कारण जागा मोकळी ठेवणं खुर्चीत बसून सोपं वाटतं. त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात आटपाडी-जतकडे जनावरं चारा छावणीत होती. टेंभू, ताकारी, म्हैसाळ या उपसा योजना कृष्णेवर, आणि कृष्णेची उन्हाळ्यातली भिस्त कोयनेवर. जुलैत धरण मोकळं ठेवलं आणि ऑगस्ट कोरडा गेला, तर त्या अभियंत्याला हीच जनता मार्चमध्ये घेराव घालणार. मग तो काय करतो? भरून घेतो. तुम्ही त्याच्या जागी असता तर तुम्हीही भरून घेतलं असतं.

आणि एक पाणी असं आहे, ज्याचं नाव कुणी घेत नाही. धरणाच्या खाली आणि तुमच्या घराच्या वर जो मुलूख आहे, तिथं पडलेला पाऊस. त्याला दरवाजे नाहीत. महाबळेश्वरातून निघालेली कृष्णा कराडच्या प्रीतिसंगमावर कोयनेला भेटते, तिथून सांगलीपर्यंत डावीउजवीकडून ओढे-नाले येतच राहतात. ते पाणी अडवायला ना गेट, ना त्याची घोषणा करायला कुणी. शिवाय सांगली ओलांडली की हरिपूरला वारणा येऊन मिळते आणि पुढं नृसिंहवाडीला पंचगंगा. दोन्ही फुगलेल्या असल्या की कृष्णेला पुढं जायला वाट मिळत नाही, ती मागं चढते. सांगलीचं पाणी ओसरायला इतका उशीर लागला, त्याचं मोठं कारण हे.

शामरावनगरचं आणखी एक आहे, रागावू नका. तो भाग मुळातच सखल. काळ्या रानात गुंठ्यागुंठ्यानं प्लॉट पडले, वाटेतले ओघळ बुजले. पूर्वी नदी तिथं चार दिवस बसायची आणि निघून जायची. आज तिथं तुम्ही बसला आहात. तुमचा दोष नाही. तुम्हाला परवडलं तिथं घेतलंत. पण पाण्याला ती जागा पाठ आहे.

कर्नाटकातल्या अलमट्टी धरणाची फूग, म्हणजे तुंबून मागं चढलेलं पाणी, शिरोळपर्यंत येते हे शेंबडं पोर सांगेल. सरकारची समिती मात्र नाही म्हणते. तुम्ही कुणाच्या बाजूनं?
– एक शेतकरी, शिरोळ तालुका

नंदकुमार वडनेरे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीनं २०२० मध्ये अहवाल दिला. २०१९ च्या पुराला अलमट्टी थेट जबाबदार नाही, असा त्याचा सूर. सांगलीपुरतं मला ते पटतं. अलमट्टीची पूर्ण पातळी समुद्रसपाटीपासून ५१९.६० मीटर आणि नदीच्या वाटेनं अंतर दोनशे किलोमीटरहून जास्त. शिवाय त्या ऑगस्टात अलमट्टीतून पाच लाख क्युसेकच्या वर पाणी खाली जात होतं, दरवाजे लावून कुणी बसलं नव्हतं.

पण तुम्ही सांगलीत राहत नाही, शिरोळात राहता. राजापूर बंधारा ओलांडला की कर्नाटक. अलमट्टीच्या आधी हिप्परगी बंधारा, मध्ये पूल, पुलांचे भराव, नदीकाठचं बांधकाम. या प्रत्येकानं पाण्याचा वेग थोडा थोडा कमी केला, तर त्याचा भार पहिल्यांदा तुमच्या नदीकाठच्या मळीच्या रानावर येणार. ‘एकट्या अलमट्टीमुळं नाही’ आणि ‘खालच्या कशामुळंच नाही’ या दोन गोष्टींत फरक आहे, आणि चर्चेत तोच हरवतो.

कर्नाटकाला धरणाची पातळी ५२४.२५६ मीटरपर्यंत न्यायची आहे. आजच्या पातळीची फूग वेगळी, साडेचार मीटर वाढल्यावरची वेगळी. आजचा अहवाल दाखवून उद्याच्या उंचीला होकार देता येत नाही. इथं मी तुमच्या बाजूचा. फक्त एक सांगतो, अलमट्टीला शिव्या देताना नजर दूर जाते आणि आपल्याच गावच्या ओढ्यावर कुणी काय बांधलं, ते दिसेनासं होतं. ग्रामपंचायतीला ते फार सोयीचं पडतं.

इचलकरंजीत शिकतो. २०२१ ला कोल्हापुरात पाणी २०१९ पेक्षा वर गेलं आणि सांगलीत मात्र खाली राहिलं. पाऊस तर दोन्हीकडं होता. असं का?

या अंकातला सगळ्यात चांगला प्रश्न. बाकीच्यांनी पूर कुणी आणला ते विचारलं, या पोरानं पूर कसा आला ते विचारलं.

कोल्हापुरात राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा २०१९ ला साडेपंचावन्न फुटांच्या वर गेली होती, २०२१ ला ती छप्पन्न ओलांडून गेली. सांगलीत आयर्विन पुलाजवळ २०१९ चं पाणी साडेसत्तावन्न फुटांच्या आसपास, २०२१ चं पंचावन्नच्या जवळपास. फरक पावसाच्या तऱ्हेत आहे. २०१९ ची आश्लेषाची झड होती. दोन आठवडे लागून राहिली, धरणं भरली, जमीन पिऊन पिऊन फुगली, आणि मग जे पडेल ते सरळ नदीत. २०२१ चा पाऊस जुलैतला, दोन-तीन दिवसांचा, पण काय पडला! २३ जुलैच्या सकाळपर्यंतच्या चोवीस तासांत महाबळेश्वरला साडेपाचशे मिलिमीटरच्या वर. सोलापूरकडं अख्ख्या वर्षात एवढा पडला तरी लोक समाधान मानतात.

पंचगंगेचं खोरं आखूड आणि उताराचं. कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती घाटमाथ्यावरून निघतात आणि प्रयाग चिखलीपर्यंत एकत्र येतात. पाचवी सरस्वती गुप्त, ती आपण श्रद्धेनं धरतो. गगनबावड्याला रात्री ओतलं की कोल्हापूरला त्याचा जाब लगेच मिळतो. अशा खोऱ्याला दोन दिवसांचा धिंगाणाही पुरतो. कृष्णेचं खोरं मोठं, तिला भरायला वेळ लागतो, आणि जुलै असल्यानं कोयनेत जागा होती. धरणानं ते पाणी पोटात घेतलं. पहिल्या प्रश्नातल्या ताईंनी हे जरूर वाचावं. ज्या धरणाला २०१९ साठी शिव्या बसल्या, त्यानंच २०२१ ला सांगली वाचवायला हातभार लावला. त्याबद्दल हार घालायला कुणी गेल्याचं ऐकलं नाही.

बातम्यांत ‘पंचगंगा ४१ फुटांवर’ असं सांगतात. आम्ही बायकांनी त्यातून काय समजायचं? सामान कधी उचलायचं?
– एक गृहिणी, कोल्हापूर

पुराबद्दल एकच गोष्ट शिकवायची मुभा दिली, तर मी ही शिकवीन.

राजाराम बंधाऱ्याची इशारा पातळी ३९ फूट, धोका पातळी ४३ फूट. सांगलीत आयर्विनला ४० आणि ४५. हे आकडे सगळ्या गावासाठी आहेत, तुमच्या घरासाठी नाहीत. कुणाच्या दारात धोका पातळीच्या आधीच पाणी असतं, कुणाच्या दारात पन्नास झाले तरी नसतं. तुमचा उंबरा बंधाऱ्यावरच्या किती फुटांवर आहे, तो आकडा तुमचा. सुतारवाड्यातल्या जुन्या लोकांना तो तोंडपाठ असतो. नव्या अपार्टमेंटातल्यांना आपली लिफ्ट किती किलो उचलते ते माहीत असतं, हे नाही.

काढायचा कसा? भिंतीवर जुन्या पुराची खूण असेल तर टेप लावून उंबऱ्यापासून तिची उंची मोजा. समजा सांगलीत एका घरात २०१९ ची खूण उंबऱ्याच्या सात फूट वर आहे. त्या वेळी आयर्विनला साडेसत्तावन्न. सात वजा केले की उरले साडेपन्नास. म्हणजे आयर्विन पन्नासच्या वर सरकला की त्या घराच्या दारात पाणी. घर नवीन असेल, तर शेजारच्या जुन्या घराची खूण घ्या आणि गवंड्याकडची पाण्याची नळी लावून दोन उंबऱ्यांतला फरक काढा. अर्ध्या तासाचं काम, चहापाण्यात होतं. नदीपासून लांबच्या गल्लीत, किंवा नाल्यातून पाणी उलटं येतं तिथं हा आकडा थोडा हलतो. कोल्हापुरात जयंती नाल्याच्या काठाला तर पाणी नदीच्या बाजूनं येईल असं धरूच नका, ते पाठीमागून येतं. म्हणून मिळालेल्या आकड्यातून दोन फूट आणखी वजा करा.

उरलेला आकडा स्वयंपाकघरात, दिसेल तिथं लिहून ठेवा. त्याच्या तीन फूट आधी सिलिंडर, धान्य, कागदपत्रं वर. दोन फूट आधी म्हातारी माणसं, बाळंतीण, आजारी माणूस पाहुण्यांकडं. एक फूट आधी तुम्ही. ‘बघू, रात्रीत काय होतंय’ हे वाक्य त्या दिवशी घरात कुणाला बोलू द्यायचं नाही. पाणी इंचाइंचानं चढतं तेव्हा माणूस इंचाइंचानं धीर धरत जातो, आणि मग रस्ताच राहत नाही. ८ ऑगस्ट २०१९ ला पलूस तालुक्यात ब्रह्मनाळला, जिथं येरळा कृष्णेला मिळते, माणसांनी भरलेली बोट उलटली आणि बायका-मुलांसह कितीतरी जीव गेले. बोटीत माणसं जास्त होती, हे कारण सगळ्यांनी छापलं. इतकी माणसं त्या दिवशीपर्यंत गावात का होती, हे त्याच्या आधीचं कारण. दोन दिवस आधी ती पायानं, ट्रॅक्टरनं निघू शकली असती.

आणि शहरात राहत असाल तर पिण्याचं पाणी भरून ठेवा. २०१९ ला बालिंग्याचा उपसा पाण्याखाली गेला आणि चहूकडं पूर असताना अख्खं कोल्हापूर टँकरमागं धावत होतं. हायवे शिरोलीला बंद, त्यामुळं दूध, पेट्रोल, गॅस सगळंच अडलं. ज्यांच्या दारात थेंब आला नाही, तेही आठवडाभर पूरग्रस्तच होते.

दर दोन वर्षांनी कोल्हापूरजवळची चिखली-आंबेवाडी बुडते आणि बोटी पाठवाव्या लागतात. त्या लोकांना वर प्लॉट दिलेत म्हणे. मग ते जात का नाहीत? करदात्यांनी किती दिवस भरायचं?
– एक वाचक, पुणे

साहेब, १९८९ च्या पुरानंतर सोनतळीला प्लॉट दिले, ही माहिती बरोबर. आता त्या प्लॉटवर एक म्हैस बांधून दाखवा. नंतर वैरण ठेवून दाखवा. मग पहाटे तिथून उठून धार काढायला, दूध डेअरीवर पोचवायला आणि उसाला पाणी पाजायला खाली या. प्लॉट एका कुटुंबाला मिळाला होता. त्या कुटुंबाची आज तीन कुटुंबं झाली. खाली घर, गोठा, देऊळ, शेत सगळं हाकेच्या अंतरावर आहे आणि पूर काही रोज येत नाही.

जायला हवं, हे मलाही वाटतं. पण गाव हलवायचं तर गोठ्यासकट हलवावं लागतं. नुसती माणसं हलवली की ती पावसाळ्यात वर आणि दसऱ्याला परत खाली. काही कुटुंबं तसंच करतात, आणि मला तो शहाणपणाचा मधला मार्ग वाटतो. जनावरं मात्र पाणी गोठ्याला लागायच्या आधी न्यावीत. आणि नेता आली नाहीतच, तर दावं तोडून मोकळी सोडावीत. म्हैस पोहते, बांधलेली म्हैस पोहू शकत नाही.

करदात्यांचं म्हणाल, तर पुण्यात मुठेच्या पात्रात जे रस्ते आणि लॉन्स झालेत, त्यांचा हिशेब पुढच्या पत्रात पाठवा. वाचायला आवडेल.

नदीजवळ टू बीएचके बघतोय. बिल्डर म्हणतो, ‘सहा फूट भराव घातलाय, काळजी नको.’ घ्यावा का?

निळी आणि लाल पूररेषा कुठून जाते ते पाहिल्याशिवाय टोकन देऊ नका. साधारण पंचवीस वर्षांतून एकदा येणारं पाणी जिथवर पोचतं, ती निळी. शंभर वर्षांतून एकदा येणारं, ती लाल. निळीच्या आत निषिद्ध क्षेत्र, निळी ते लाल नियंत्रित क्षेत्र. नकाशा जलसंपदा विभागाकडं आणि नगररचनाकडं असतो, सर्व्हे नंबर घेऊन स्वतः जा. ‘शंभर वर्षांतून एकदा’ यावरही फार विसंबू नका. कोल्हापूरनं २०१९ चा उच्चांक दोनच वर्षांत मोडला.

भरावाबद्दल एवढंच. तुमच्याखाली सहा फूट माती आली, म्हणजे तिथं बसणारं पाणी शेजाऱ्याच्या अंगणात गेलं. शिरोलीजवळ हायवेच्या भरावानं पंचगंगेचं पाणी तुंबतं, अशी तिथल्या लोकांची जुनी तक्रार आहे. त्याच्याखाली मोऱ्या वाढवाव्यात, ही मागणी मला रास्त वाटते. तुमचा भराव त्याचंच छोटं भावंड. शिवाय इमारत वर आणि रस्ता खाली, म्हणजे पूर आला की पार्किंगात बेट. घेणार असाल तर मीटरची खोली आणि जनरेटर कुठं आहे ते विचारा. तळमजल्यात असेल तर परत या.

ऊस आठ दिवस पाण्यात होता. शेंडा हिरवा दिसतोय. ठेवावा की तोडावा?
– एक शेतकरी, कुरुंदवड

शेंडा पाण्यावर होता की पाण्याखाली, त्यावर सगळं आहे. वाढा वर राहिला असेल तर पाणी काढून द्या, ऊस सावरतो. पोंग्यात, म्हणजे शेंड्याच्या कोवळ्या गाभ्यात, गाळ बसला असेल तर शेंडा आतून कुजतो, बाहेरून हिरवा दिसला तरी. चार-दोन शेंडे उपसून बघा. वास आला की समजा. मग कांड्यांवरचे डोळे फुटून पांगशा (बाजूचे कोंब) सुटतात, वजन आणि साखरेचा उतारा दोन्ही घसरतात. असा ऊस कारखान्याला आधी जाईल अशी नोंद करा. आणि पंचनाम्याआधी रान साफ करू नका. फोटो काढा, त्यात बांधावरचं एखादं झाड नाहीतर विहीर दिसू द्या, म्हणजे गट कुठला यावरून वाद होणार नाही.

गाडी बंपरपर्यंत पाण्यात होती. सुरू करून बघू का?

नाही. चावीला हातसुद्धा लावू नका. इंजिनात पाणी असताना स्टार्टर मारला की कनेक्टिंग रॉड वाकतो, आणि इंजिन संरक्षणाचं वेगळं कवच घेतलेलं नसेल तर ‘नुकसान तुम्हीच केलंत’ म्हणून विमा कंपनी तेवढा भाग नाकारू शकते. बॅटरीची वायर काढा, पाण्याची खूण दिसेल असा फोटो घ्या, कंपनीला कळवा आणि ओढून न्या. दुचाकीलाही हेच. गॅरेजवाल्यांकडं रांग असेल. ती असू दे.